जिजून: पोचट की पोरकट? एक उपाशी इंग्लिश शब्द वापरायचा कसा

माझा भाचा अमेरिकेतल्या युनिव्हर्सिट्यांना अर्ज करत होता तेव्हा त्याचं एसओपी, म्हणजे ते "मला तुमच्याकडेच का शिकायचंय" छापाचं दोन पानी प्रकरण, माझ्याकडे तपासायला घेऊन आला. मी भाषांतराची कामं करते, त्यामुळे घराण्यात कुणाचंही इंग्लिश अडलं की गाडी माझ्या स्वयंपाकघरात येऊन थांबते. मी भेंडी निवडत बसले होते, म्हटलं तूच वाच मोठ्याने. तर पठ्ठ्याने पहिल्याच परिच्छेदात लिहिलेलं, लहानपणी घरातला जुना रेडिओ उघडून बघायची त्याला "जेजुने क्युरिऑसिटी" होती.

मी म्हटलं, काय होती? जेजुरी?

तर म्हणे अगं मावशी, जे ई जे यू एन ई, जीआरईच्या, म्हणजे तिकडच्या प्रवेश परीक्षेच्या, शब्दांच्या लिस्टमधे असतो हा शब्द, म्हणजे लहान मुलासारखं, निरागस.

आता गंमत अशी की तो अगदीच चूक नव्हता. डिक्शनरी उघडली तर "चाइल्डिश" असा एक अर्थ दिलेला सापडतो. पण चाइल्डिश म्हणजे पोरकट, निरागस नव्हे, आणि त्याच डिक्शनरीत त्याच्या आधी जो अर्थ दिलेला असतो तो म्हणजे पोचट, नीरस, ज्यातून काही मिळत नाही असं. म्हणजे प्रवेश समितीवरचा एखादा जुन्या वळणाचा प्रोफेसर ते वाक्य असं वाचणार की या मुलाची जिज्ञासा पोचट होती. पहिल्याच परिच्छेदात, स्वतःच्याच हाताने. मी भेंडी बाजूला ठेवली आणि त्याला तासभर बसवून हा शब्द समजावला, तेच इथे लिहून काढतेय, कारण हा शब्द नुसता पाठ करून भागत नाही, त्याला दोन तोंडं आहेत आणि कुठलं कधी बोलतंय ते बघावं लागतं.

आधी उच्चार, कारण पहिली ठेच तिथेच लागते

उच्चार जिजून. जोर दुसऱ्या अक्षरावर, "जू" वर. पहिलं अक्षर ओझरतं, कुणी जि म्हणतं, कुणी ज, कुणी जी असं लांबवतं, सगळं चालतं. शेवटचा ई मुका, त्यामुळे जेजुने नाही, जेजुन्ये नाही, आणि फ्रेंच असल्याचा आव आणून झ्यझ्यून वगैरे तर अजिबात नाही, तो शब्द फ्रेंच नाहीच, पुढे येईलच ते.

आपल्यासाठी एक खास सूचना. मराठीत ज दोन असतात, जून महिन्यातला ज आणि जून भेंडीतला ज. इथे दोन्ही ज महिन्यातले, जीभ टाळूला लागते ते. पण अर्थ मात्र भेंडीचा. उच्चार महिन्याचा, अर्थ भेंडीचा, एवढं डोक्यात बसलं की अर्धं काम झालं.

भेंडीचा म्हणजे कसा? समोर ढीग होताच, मी त्यातली एक उचलली आणि शेपूट वाकवून दाखवलं. कट्कन मोडलं तर कोवळी, मोडता मोडेना आणि नुसतीच वाकत राहिली तर जून. जून भेंडी दिसायला चांगली भरदार असते, कोवळीपेक्षा मोठी, ताटात वाढली की भाजी भरपूर वाटते, पण तोंडात गेली की दोरखंड, चावून चावून शेवटी चोथा बाहेर काढायचा. अंगाला काय लागलं? काही नाही. एखादा लेख, एखादं भाषण, एखादा युक्तिवाद असा असतो ना, ताट भरलेलं दिसतं पण उठताना भूक तशीच, त्याला इंग्लिशमधे जिजून म्हणतात. पहिला, मूळचा आणि माझ्या मते खरा अर्थ हाच.

मुळात हा शब्द उपाशी आहे, अक्षरशः

लॅटिनमधे "येयूनुस" म्हणजे उपाशी, ज्याने काही खाल्लेलं नाही असा, आणि "येयूनियुम" म्हणजे उपास. लॅटिनचा तो य पुढे युरोपात वेगवेगळ्या वाटांनी गेला, इंग्लिशमधे त्याचा ज झाला. रोमन लोकांनीच हा शब्द पोटापुरता ठेवला नव्हता, नापीक जमिनीला पण तोच लावायचे आणि रुक्ष, कोरड्या भाषणालासुद्धा तोच. आपण नाही का गायीला भाकड म्हणतो आणि गोष्टीलापण भाकडकथा म्हणतो, तसंच.

याच शब्दाचा सख्खा भाऊ तुमच्या माझ्या पोटात आहे. लहान आतडं साधारण सहा मीटर लांब. त्याचा पहिला तुकडा ड्युओडेनम, जेमतेम 25 सेंटिमीटर, त्याचं नावच मुळी 12 बोटं रुंदीवरून पडलंय, बोटं आडवी लावून मोजलेलं. त्याच्या पुढचा अडीच मीटरच्या आसपासचा तुकडा म्हणजे जिजूनम, आणि उरलेला इलियम. ग्रीक वैद्यांनी मधल्या तुकड्याला "उपाशी" असं नाव दिलं होतं, कारण मेलेलं शरीर उघडून बघितलं की तो भाग बहुतेक वेळा रिकामा सापडायचा, मग लॅटिनमधे त्याचं भाषांतर झालं आणि तेच टिकलं. आणि विनोद बघा, आपण खाल्लेल्या अन्नातलं जे काही सत्त्व अंगाला लागतं त्यातलं बरंचसं शोषून घेण्याचं काम हाच तुकडा करतो. उपाशी नाव लावून सगळ्यात जास्त जेवणारा, घराघरात असतो असा एखादा. हॉस्पिटलमधे ज्या पेशंटला तोंडाने किंवा जठरातून अन्न देता येत नाही त्याला कधीकधी थेट इथे नळी बसवतात, नर्स मंडळी तिला नुसतं जे ट्यूब म्हणतात, तो जे याच उपाशी आतड्याचा.

अजून एक. फ्रेंचमधे सकाळच्या खाण्याला "पती देज्यने" म्हणतात आणि दुपारच्या जेवणाला "देज्यने". त्यातला "दे" म्हणजे सोडणे आणि उरलेला भाग म्हणजे उपास, म्हणजे उपास सोडणे, आपलं पारणं. याच लॅटिन क्रियापदाचं दुसरं घासून घासून गुळगुळीत झालेलं रूप म्हणजे जुन्या फ्रेंचमधलं "दिस्नेर", त्यातून आलं इंग्लिश डिनर. म्हणजे डिनर आणि ब्रेकफास्ट मुळात एकाच अर्थाचे शब्द, डिनर हळूहळू सकाळवरून दुपारवर आणि दुपारवरून रात्रीवर सरकत गेलं इतकंच. स्पॅनिशमधे "देसायुनो" म्हणजे ब्रेकफास्ट, तोही याच घरातला. पोर्तुगीजमधे उपासाला अजून "जेजुम" सारखा शब्द आहे, ते लोक ज चा उच्चार झ च्या जवळ करतात, पण लिहिलेला बघितला तर आपला जिजून लगेच ओळखू येतो.

आणि आपण हसायचं कारण नाही. आपण रोज उठून जो नाश्ता करतो तो शब्द फारसीतून आलाय आणि फारसीत "नाश्ता" म्हणजे काही न खाल्लेला, अनशापोटी. इराणमधे रक्त तपासायला जाताना माणूस नाश्ता असावा लागतो, म्हणजे उपाशी, आणि आपण तोच शब्द पोह्यांना लावला. शब्दांचं असंच असतं, उपास सोडायला बसतात आणि स्वतःच ताटात जाऊन पडतात. (आपले उपास तर विचारूच नका, एकादशी दुप्पट खाशी. साबुदाण्याची खिचडी, वर दाण्याची आमटी, बटाट्याचा कीस. यातलं काहीही जिजून नाही.)

पहिला अर्थ कसा ओळखायचा

इंग्लिशमधे हा शब्द 17व्या शतकाच्या सुरुवातीला आला. सुरुवातीला सरळ उपाशी या अर्थानेही वापरायचे, तो वापर आता मेला. मग "पोषण नसलेलं" असा अर्थ आला. थॉमस ब्राउन नावाचा 17व्या शतकातला एक डॉक्टर लेखक होता, त्याने गढूळ पाण्यात काहीतरी पोषण असू शकेल पण जिजून, नितळ पाण्यात नाही अशा अर्थाचं लिहिलंय. तिथे जिजून म्हणजे नुसतं पाणी, ज्याच्यात काही नाही. सॅम्युअल जॉन्सनच्या 1755 च्या प्रसिद्ध डिक्शनरीत पण रिकामं, भुकेलं आणि कोरडं असेच अर्थ दिलेत. पोरकट हा अर्थ तिथे नाही, हे लक्षात ठेवा.

तर आज पहिल्या अर्थाने वापरताना स्वतःला एकच विचारायचं: यातून वाचणाऱ्याच्या, ऐकणाऱ्याच्या अंगाला काही लागलं का? नाही लागलं तर जिजून. चव आहे की नाही हा प्रश्न वेगळा, आणि इथे बरेच जण घसरतात. आमटीत मीठ नाही म्हणून आमटी जिजून होत नाही, तिला इन्सिपिड म्हणा, ब्लँड म्हणा, अळणी ती अळणी, पण डाळ आहे त्यात, प्रोटीन आहे. उलट कुणी सकाळ संध्याकाळ चहात मैद्याची बिस्किटं बुडवून जगत असेल तर ते खाणं गोड असेल, कुरकुरीत असेल, पण त्या डाएटला जिजून म्हणता येईल, कारण पोट भरल्यासारखं वाटतं आणि मिळत काही नाही.

तसंच जिजून म्हणजे बोअर नाही. रेल्वेचं टाइमटेबल बोअर असतं, जिजून नसतं, एकेक ओळ माहितीने ठासून भरलेली. बजेटची कागदपत्रं बोअर असतात पण चावणाऱ्याला त्यात भरपूर सापडतं. आणि याच्या उलट ते स्टेजवर फेऱ्या मारत बोलणारे मोटिव्हेशनवाले असतात ना, माईक गालाला चिकटवलेला, टाळ्यांवर टाळ्या, बोअर क्षणभर होत नाही, पण घरी येऊन कुणी विचारलं की काय सांगितलं रे, तर सांगता येत नाही. ते जिजून. मी स्वतः अशा एका कार्यक्रमाला अडीच तास बसून वहीत फक्त "पाणी भरपूर प्या" एवढं लिहून आणलं होतं, तेही शेजारणीने सांगितलेलं.

या अर्थाने शब्द कुठल्या नामांपुढे शोभतो? लेखन, गद्य, शैली, लेक्चर, निबंध, चर्चा, युक्तिवाद, पाठ्यपुस्तक, डाएट. "जिजून प्रोज" आणि "जिजून लेक्चर" हे अगदी घरंदाज वापर. माणसाला या अर्थाने सहसा लावत नाहीत, माणसाच्या बोलण्याला, लिहिण्याला लावतात.

दुसरा अर्थ आला कुठून

आता पोरकट. 19व्या शतकाच्या शेवटाकडे हा शब्द हळूच दुसरीकडे झुकायला लागला. बर्नार्ड शॉच्या एका नाटकात एका पात्राचं वर्णन करताना कंसातल्या सूचनेत त्याच्या भाबडेपणाला जिजून म्हटलंय, तिथे "पोषण नसलेला भाबडेपणा" असं वाचलं तर ओढूनताणून बसतं, "पोरसवदा भाबडेपणा" असं वाचलं तर सहज बसतं. पुढे 20व्या शतकात हा अर्थ पसरला.

का पसरला याचं जे कारण सगळीकडे सांगतात ते असं की लोकांना फ्रेंच "ज्यन" आठवतं, म्हणजे तरुण. आणि फ्रेंचमधली गंमत अशी की तरुण आणि उपास हे दोन शब्द लिहायला जवळपास एकच आहेत, फरक फक्त उपासातल्या यू च्या डोक्यावरच्या छोट्याशा टोपीचा. टोपी घातली की उपास, काढली की तरुण. मग इंग्लिश माणूस काय करणार, त्याने टोपी काढून वाचलं. शिवाय जुवेनाइल हा शब्द पण जे वाला, कानाला सारखाच, त्यामुळे जिजूनमधे काहीतरी बालवाडी आहे असं वाटतंच. म्हणूनच कितीतरी जण स्पेलिंगमधे एक जास्तीचा ई घुसडतात, जे ई जे ई यू एन ई असं, फ्रेंच वळणाचं. ते चूक आहे. इंग्लिशमधे ई दोनच, दुसऱ्या जे नंतर सरळ यू.

पण मला विचाराल तर नुसत्या कानाच्या गोंधळाने एवढं झालं नसतं, अर्थातही एक पायवाट आधीपासून होती. ज्या बोलण्यात दम नाही, विचार पातळ आहे, ते बोलणं लहान पोराने केल्यासारखं वाटतंच. आणि हे आपल्याकडेसुद्धा झालंय. बाळबोध शब्द घ्या. बाळबोध म्हणजे मुळात देवनागरी लिपी, मोडीच्या समोरची, मुलांना पहिल्यांदा शिकवायची ती. त्यात काही शिवी नव्हती. आज मात्र एखाद्या कादंबरीला बाळबोध म्हटलं की लेखक दोन दिवस जेवत नाही. साधं, सोपं, मुलांचं, आणि म्हणून उथळ, पातळ, सगळं एकाच शब्दात येऊन बसलंय. जिजूनच्या दोन्ही अर्थांच्या मधोमध जो राखाडी पट्टा आहे ना, त्याला मराठीत याच्याइतका चपखल शब्द मला अजून सापडलेला नाही.

या दुसऱ्या अर्थाला मग नामंही वेगळी लागतात. शेरा, विनोद, चाळे, हट्ट, वागणूक, भाबडेपणा, बंडखोरी, आणि थेट माणूस. "जिजून जोक्स" म्हटलं की शाळेच्या मागच्या बाकावरचे विनोद. "जिजून बिहेवियर" म्हटलं की मीटिंगमधे रुसून बसणारा मॅनेजर. इथे पोचट लावून बघा, बसत नाही, पोरकट लावा, लगेच बसतं. आणि तोच तपासायचा सोपा मार्ग. वाक्यात जिजून दिसला की तीन मराठी शब्द एकामागून एक लावून बघायचे: पोचट, पोरकट, बाळबोध. पोचट बसला तर जुना अर्थ, पोरकट बसला तर नवा, आणि दोन्ही बसत असतील तर बाळबोध लावा आणि लेखकाच्या मनात नक्की काय होतं याची फार चिकित्सा करत बसू नका, कदाचित त्यालाही दोन्ही हवे असतील.

खरी पंचाईत होते ती कविता, मत, राजकीय विचार असल्या नामांपुढे. "जिजून पोएम्स" म्हणजे कोरड्या कविता की कॉलेजच्या पोराने लिहिल्यासारख्या? इथे आजूबाजूचं वाक्य बघावं लागतं. पुढे मागे वय, शाळा, कॉलेज, वाढणं, प्रौढपणा असलं काही असेल तर पोरकट. भूक, पोषण, आशय, खोली, कोरडेपणा असलं काही असेल तर पोचट.

मी स्वतः कशी आपटले ते पण सांगते, कारण भाच्याला सांगितलं तेव्हा तो जरा सैल झाला. कामाला लागून वर्षही झालं नसेल, एका मासिकासाठी एका परदेशी समीक्षकाचा लेख मराठीत करत होते. त्याने एका कवीच्या दुसऱ्या संग्रहाला जिजून म्हटलेलं. माझ्या डोक्यात ते फ्रेंच तरुण बसलेलं, मी डिक्शनरी न उघडता लिहिलं "कोवळ्या कविता". कोवळ्या! म्हणजे समीक्षकाने म्हटलं चोथा आणि मी मराठीत छापायला दिलं लुसलुशीत. परिच्छेदातल्या बाकीच्या वाक्यांत तो त्या कवीची सालं काढत होता आणि मधेच हे कौतुक, संपादकांनी शेजारी लाल पेन्सिलीने फक्त एक प्रश्नचिन्ह काढून पाठवलं. त्या दिवसापासून भेंडीचं शेपूट मोडताना मला तो लेख आठवतो, दर वेळी, काय करणार.

स्वतः वापरताना

पहिली गोष्ट, हा शब्द कधीही कौतुक म्हणून वापरायचा नाही. कुठल्याच अर्थाने नाही. निरागस, ताजं, टवटवीत, उत्साही यातलं काहीही म्हणायचं असेल तर दुसरे शब्द आहेत, चाइल्डलाइक आहे, इनोसंट आहे, फ्रेश आहे. जिजूनमधे नेहमी एक तुच्छता असते, वरून खाली बघणं असतं. आणि तो शब्द जड आहे, रोजच्या बोलण्यातला नाही, समीक्षक, प्राध्यापक, अग्रलेख लिहिणारे यांच्या कपाटातला. व्हॉट्सॲपवर मित्राला जिजून म्हटलंत तर तो विचारेल काय म्हणालास, आणि समजावून सांगितलेला टोमणा हा टोमणा राहत नाही. ऑफिसच्या ईमेलमधे तर नकोच. सहकाऱ्याच्या प्रेझेंटेशनला जिजून म्हणणं म्हणजे त्याचं काम पोकळ आहे असं म्हणणं आणि वर "मला असा शब्द येतो" हे दाखवणं, दोन्ही एकदम, मग पुढच्या वेळी तुमची फाइल कुठे अडकते ते बघा.

दुसरं म्हणजे वाचणाऱ्याला वळण दाखवा. जुन्या अर्थाने वापरताय तर वाक्यात आशयाचा, पोषणाचा, कोरडेपणाचा एखादा शब्द शेजारी ठेवा, "ड्राय अँड जिजून" असं म्हटलं की कुणाच्या मनात शंका राहत नाही. नव्या अर्थाने वापरायचा असेल तर मी सरळ सांगेन की शक्यतो वापरूच नका. डिक्शनऱ्यांनी तो अर्थ मान्य केलाय, चांगले चांगले लेखक वापरतात, चूक म्हणता येणार नाही, पण अजूनही असे वाचक आहेत की ज्यांना तो अर्थ बघितला की खडा लागल्यासारखं होतं, आणि त्याच कामाला दुसरे खणखणीत शब्द हजर असताना वादातला शब्द कशाला घ्यायचा. पोरकटच म्हणायचंय? प्युराइल घ्या, तो लॅटिन मुलग्यावरूनच आलाय, त्यात काही लपवाछपवी नाही. अनुभव नाही, अजून अंड्यातून बाहेर आलाय असं म्हणायचंय? कॅलो घ्या. त्याचा जुना अर्थ टकला, मग पंख न फुटलेलं पिल्लू, मग मिसरूडही न फुटलेला पोरगा. भाबडा म्हणायचंय तर नाईव्ह आहेच. आणि जुन्या अर्थाच्या शेजारी व्हॅपिड बसतो, पण व्हॅपिड म्हणजे उतरलेल्या सोड्यासारखं, कधीतरी फेस होता तो गेला, जिजूनमधे मुळात कधी काही नव्हतंच. एवढा फरक लक्षात ठेवला तरी पुष्कळ.

जीआरईवाल्यांसाठी एक छोटी गोष्ट. पूर्वी त्या परीक्षेत विरुद्धार्थी शब्द सरळ विचारायचे, ऑगस्ट 2011 मधे परीक्षा बदलली तेव्हा तो प्रकार गेला. आता वाक्यात रिकामी जागा असते, आणि एक प्रकार असा की सहा पर्यायांतून असे दोन निवडायचे की दोन्हींनी वाक्याचा अर्थ तोच राहील. त्यामुळे लिस्टमधे जिजून समोर एकच अर्थ लिहून ठेवलात तर फसाल. पर्यायांत इन्सिपिड किंवा व्हॅपिड दिसला तर एक जोडी, प्युराइल किंवा जुवेनाइल दिसला तर दुसरी, आणि दोन्ही जोड्या दिसल्या तर वाक्य परत वाचायचं, वाक्यच सांगतं.

बाकी रूपं फार नाहीत. क्रियाविशेषण जिजूनली, नाम जिजूननेस, कधीमधी जिजूनिटी पण दिसतं. आतड्याबद्दलचं विशेषण मात्र वेगळं, जिजूनल, ते डॉक्टरांचं, त्यात निंदा नाही. माझ्या ओळखीच्या एका डॉक्टरीण बाईंना हा साहित्यातला जिजून ऐकून आयुष्यभर हसू येतं, त्या म्हणतात तुमच्या समीक्षकांनी एकदा ऑपरेशन बघायला यावं, किती कामाचा तुकडा आहे तो.

आता भाच्याला जी तीन वाक्यं सोडवायला दिली ती देते, करून बघा. एक, संपादकाने परत पाठवलेल्या लेखावर शेरा: माहिती जुनी, उदाहरण एकही नाही, एकूण लेख जिजून. दोन, सासूबाईंच्या साठीच्या कार्यक्रमात जावयाने फुगा फोडून सगळ्यांना दचकवलं, ते बघून पाहुणे म्हणाले हाउ जिजून. तीन, नव्या नगरसेवकाचं शहराच्या पाण्याबद्दलचं जिजून मत.

पहिल्यात पोचट, उदाहरण नाही म्हटलंय तिथेच कळलं. दुसऱ्यात पोरकट, फुग्याला कोण पोचट म्हणेल. तिसऱ्यात भाचा अडकला, आणि अडकायलाच हवं होतं, कारण त्या मतात अभ्यास नाही की तो नगरसेवकच अजून कच्चा आहे हे वाक्य सांगतच नाही, "नव्या" मुळे मन पोरकटकडे ओढतं आणि "मत" मुळे पोचटकडे. माझं उत्तर, ते वाक्य तसं ठेवायचंच नाही. अभ्यास नाही म्हणायचं तर पुढे "आकडा एकही नाही" जोडून जिजून राहू द्या, आणि माणूस कच्चा म्हणायचा तर जिजून काढून कॅलो टाका.

एसओपीतून शब्द त्याने शेवटी काढलाच. तिथे आता फक्त एवढंच आहे की सातव्या वर्षी त्याने आजोबांचा रेडिओ उघडला आणि तो परत जोडता आला नाही.